बुवांचा मॅनेजर व्हायचंय? आधी हे वाचा

प्रश्न विचारणारा मुलगा 28 वर्षांचा आहे, कुडाळला एका दुकानात कामाला. त्याच्या गावातले एक डबलबारीचे, म्हणजे समोरासमोरच्या भजन सामन्याचे, भजनीबुवा त्याच्या मागे लागलेत की नोकरी सोड आणि माझे कार्यक्रम सांभाळ. त्याने तीन गोष्टी विचारल्यात. काम नेमकं काय असतं, त्यावर घर चालतं का, आणि बुवांच्या घरच्या भानगडींत आपण किती पडायचं.

मी हे काम 1991 ते 2019 केलं. एकच बुवा, एकच मंडळ. बुवा आता गात नाहीत आणि मीही कणकवलीच्या माझ्या सायकल दुरुस्तीच्या दुकानावर पूर्ण वेळ बसतो, त्यामुळे मोकळेपणाने लिहितो. बुवांचं नाव मात्र लिहिणार नाही. ज्यांना कळायचं त्यांना कळेल.

आधी पैशाचं, कारण पोटाचा सवाल आहे. नोकरी सोडू नका. मालकाला विचारून हंगामात सुट्ट्या मिळतात का बघा. आपलं वर्ष तुकड्यातुकड्यांनी येतं. मिरगाचा पाऊस लागला की गाव शेतात. आषाढी एकादशीचं देवळातलं भजन सोडलं तर वही कोरी. श्रावणात सप्ते, भाद्रपदात गणपती, मग नवरात्र. तुळशीची लग्नं लागली की गावोगावच्या जत्रा सुरू होतात, पण जत्रेची रात्र दशावताराची असते, त्यात आपल्याला फारसं काही नाही. माघी गणपती, रामनवमी, हनुमान जयंती, आणि सगळ्यांत मोठा तो मे महिना. चाकरमानी गावात, वाडीवाडीत सत्यनारायणाची पूजा आणि पूजेला डबलबारी. एका मे महिन्यात आम्ही 23 रात्री बाहेर काढल्या, आणि त्याच वर्षी जुलैत बुवांनी माझ्याकडून किराणासाठी उसने पैसे नेले. मी सायकलचं दुकान कधी बंद केलं नाही, भाऊ बघायचा, म्हणून 28 वर्षं टिकलो. माझ्याबरोबर सुरू केलेले दोन मॅनेजर नुसते याच्यावर बसले होते, ते चार वर्षांत मुंबईला वॉचमनकीला गेले.

काम काय, याचं एका वाक्यात उत्तर द्यायचं तर बुवांचं ‘नाही’ तुम्ही म्हणायचं आणि ‘हो’ त्यांनी म्हणायचं. कलाकाराला तोंडावर नाही म्हणता येत नाही. गावचा मानकरी नारळ घेऊन दारात आला की बुवा विरघळतात, अंगात ताप असला तरी येतो म्हणतात. तिथे तुम्ही वही उघडून ‘त्या दिवशी जमत नाही हो गावकर’ म्हणायचं आणि वाईटपणा घ्यायचा. उलट कोणाला यायचा शब्द द्यायचा असेल तर तो बुवांच्या तोंडून जाऊ द्या. मान त्यांचा राहतो, आणि उद्या काही फिसकटलं तर ‘मॅनेजरने परस्पर कबूल केलं’ हे ऐकावं लागत नाही.

वही म्हणजे खरोखर वही. मोबाइलमध्ये ठेवाच, पण लांब, जाड पुठ्ठ्याची एक घ्या. एका पानावर एक कार्यक्रम. तारीख लिहाल तिथे शेजारी तिथी लिहा, कारण कार्यक्रम ठेवणारी गावची मंडळं तिथीवर बोलतात आणि गाडीवाला तारखेवर. ‘दरवर्षीप्रमाणे’ हा शब्द ऐकला की सावध व्हा. 2023 ला श्रावण अधिक आला, गणपती लांबून 19 सप्टेंबरला आले, आणि आमच्या मंडळाचं काम आता बघणाऱ्या मुलाने ऑगस्टअखेरीला पखवाजवाल्याला मुंबईहून बोलावून घेतलं होतं. तो बिचारा येऊन चार दिवस बसला आणि परत गेला.

माझी स्वतःची चूक याहून मोठी. आंगणेवाडीच्या भराडी देवीची जत्रा तिथीवर नसते, देवीचा कौल घेऊन तारीख ठरते, हे पोरासोरांना ठाऊक असतं. मलाही होतं. तरी एका वर्षी तारीख जाहीर व्हायच्या आत मी मालवण तालुक्यातल्या एका मंडळाला फेब्रुवारीतला दिवस पक्का करून दिला, बयाणाही घेतला. आठवड्याने जत्रा लागली, तोच दिवस. सगळा तालुका मसुऱ्याच्या, म्हणजे आंगणेवाडीच्या, वाटेला. आम्ही उलट्या दिशेने गाडी काढली, ती गर्दीत अडीच तास अडकली. मंडपात माणसं किती, तर खुर्च्या लावणारे धरून 40. समोरचे बुवा आलेच नाहीत, त्यांचा मॅनेजर माझ्यापेक्षा शहाणा होता. बुवांनी एकट्याने दोन तास भजन केलं, एक शब्द बोलले नाहीत. गाडीत बसल्यावर म्हणाले, “देवीन तुका सांगूक व्हया होता, माका नाय.” तेव्हापासून जत्रेची तारीख कळेपर्यंत फेब्रुवारी आणि मार्चचा पहिला पंधरवडा मी पेन्सिलने लिहायचो.

बाहेरच्या वाचकांसाठी दोन ओळी. डबलबारी म्हणजे दोन बुवा समोरासमोर, दोघांचे आपापले पखवाज, झांज, कोरस. एकाने बारी करायची, गजर, अभंग, गौळण म्हणत जाता जाता पुराणातला एखादा प्रश्न टाकायचा, एखादा चिमटा काढायचा. दुसऱ्याने त्याच्या बारीत उत्तर द्यायचं आणि परतफेड करायची. लोक अभंगाला येतात तेवढेच चिमट्याला येतात. म्हणून सुपारी घेताना पहिला प्रश्न पैशाचा विचारू नका. समोर बुवा कोण, ते विचारा. दुसरा, पहिली बारी कोणाची. शेवटचा शब्द ज्याच्याकडे राहतो त्याचं पारडं जड, त्यामुळे यावरून मंडळं तुम्हाला गोल गोल फिरवतात. समोरच्या मॅनेजरशी आदल्या दिवशी फोनवर बोलून घ्या. कोणाच्या घरात काही वाईट घडलं असेल, कोणावर कोर्टकज्जा चालू असेल, तर तो विषय स्टेजवर काढायचा नाही हे दोन मॅनेजरांनी आपसात ठरवायचं असतं. बुवांना हे ठरलेलं कळतं, पण आपण ते बोलून दाखवायचं नाही.

मग साउंड कोणाचा, स्टेजचं तोंड कुठे, जेवण कार्यक्रमाआधी की नंतर, झोपायची सोय आहे की रात्रीच परत. आणि संपायची वेळ. पूर्वी डबलबारी जेवणं उरकून दहाला उभी राहायची आणि कोंबड्याला संपायची. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनी रात्री 10 ते सकाळी 6 लाउडस्पीकर बंद झाले. सरकारने जाहीर केलेल्या ठरावीक दिवशी, वर्षाला जास्तीत जास्त 15, बारापर्यंत सूट मिळते. आपली पूजा त्या दिवसांत बसते का हे मंडळाने बघायचं असतं, पण ते बघत नाहीत. पोलीस ठाण्याचा परवाना हातात आहे का हे तुम्ही विचारा. आता बाऱ्या संध्याकाळी सातला सुरू होतात. त्याने एक झालं, बुवांचे गळे वाचले. आणि एक गेलं. तीन वाजता, पेंग आलेल्या माणसांसमोर, आमचे बुवा जी भैरवी लावायचे ती साडेनऊला लागत नाही. हे माझं म्हातारपण बोलत असेल, सोडून द्या.

वाद्यांचं. पखवाजाच्या धुम्याला, म्हणजे डाव्या तोंडाला, कणीक लागते. मंडळाच्या स्वयंपाकघरात गव्हाचं पीठ असेलच असं धरू नका. तांदळाचं असतं, घावन्याचं. पिठाची पुरचुंडी तुमच्या पिशवीत हवी. किनाऱ्याच्या गावात, देवगड-मालवणला, संध्याकाळी खारा वारा सुटला की पखवाजाची पुडी, म्हणजे त्याचं कातडं, ओल धरते, सूर उतरतो. आमचा पखवाजवाला कणकेचा गोळा अंगठ्याने पसरायचा, मधोमध जाड, कडेला पातळ, मग तळहाताने एक थाप मारून कान वाकडा करायचा. घुमला नाही तर चिमूटभर काढायचा, पुन्हा थाप. त्या पाच मिनिटांत त्याच्याशी बोलायला जाणाऱ्या अध्यक्षांना मी हाताला धरून चहाला न्यायचो. हे पण मॅनेजरचंच काम. हार्मोनियमचे सूर पितळेचे, खाऱ्या हवेने हिरवे पडतात, मग ऐन गजरात एक पट्टी मुकी. पेटी गाडीच्या टपावर नको, पायाशी घ्या, वर चादर. आणि कार्यक्रम संपल्या संपल्या कोणी तिच्यावर हाराची टोपली ठेवली तर तिथल्या तिथे उचला. फुलांचं पाणी आत गेलं की दुरुस्तीवाल्याकडे खेप ठरलेली.

प्रवासाचं फार लिहीत नाही. 1998 ला कोकण रेल्वे पूर्ण सुरू झाली तोवर मुंबईचा कार्यक्रम म्हणजे रातराणी एसटी, पखवाज टपावर आणि मी मागच्या काचेतून दोरीवर डोळा ठेवून. नंतर कोकणकन्येने सुख झालं. मुंबईत परळच्या दामोदर नाट्यगृहात नमन आणि शक्ती-तुऱ्याच्या मंडळींची वर्दळ असायची, आपल्या भजनाला चाळीची आणि मंडळांची पटांगणं. महाड-पोलादपूरपर्यंत मात्र गाडीने जाणं-येणं चालूच होतं. 2 ऑगस्ट 2016 च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा पूल वाहून गेला आणि त्यावरून जाणाऱ्या एसट्या गेल्या. त्याच्या आदल्या शनिवारी आम्ही त्याच पुलावरून रात्री परत आलो होतो. त्यानंतर पावसाळ्यात रात्रीचा परतीचा प्रवास मी कायमचा बंद केला, मंडळ झोपायची सोय करत नसेल तर सुपारी नको. आणि ड्रायव्हरला बारी बघत बसू देऊ नका. त्याला जेवू घाला आणि गाडीत झोपवा.

पैसे त्याच रात्री वाटा. आम्ही गाडीतला दिवा लावून वाटायचो. बुवांचे चार वाटे, पखवाजाचे दोन, झांजेचा दीड, कोरसला एकेक, माझा दीड. गाडीभाडं आधी बाजूला. बारी चालू असताना लोक बक्षिसं देतात, माइकवर पुकारतात, त्याचा हिशेब वेगळा ठेवा. पखवाजाला म्हणून आलेले 51 रुपये पखवाजवाल्याचेच, त्याला हात लावला की मंडळ फुटलं म्हणून समजा. शाल-श्रीफळ देऊन पाकीट ‘नंतर पाठवतो’ म्हणणारी मंडळं भेटतील. एक भेटलं होतं आम्हाला, 2011 चं येणं अजून यायचंय. बयाणा अर्धा आणि उरलेले दुसरी बारी उभी राहायच्या आत, हे मी मग पत्रावर छापूनच घेतलं.

मोबाइलवाले हा नवा ताप. समोर दहा जण उभे राहून लाइव्ह करतात, पैसे चॅनेलवाल्याला आणि शिव्या बुवांना, कारण तीन तासांतला एक चिमटा कापून तेवढाच फिरवतात. चित्रीकरण कोण करणार आणि कोणत्या चॅनेलवर टाकणार हे सुपारीच्या पत्रात लिहून घ्या. तुम्ही तरुण आहात, बुवांचं स्वतःचं चॅनेल तुम्हीच काढा. इथे तुम्ही माझ्यापेक्षा पुढे असणार.

आता तिसरा प्रश्न, घरच्या भानगडींचा.

2006 च्या उन्हाळ्यात बुवांचा आवाज फाटायला लागला. वरचा सूर लावला की मधे वाराच यायचा. मी त्यांना गुपचूप कोल्हापूरला नेलं, गगनबावड्याच्या घाटाने, गावात सांगितलं पेटी दुरुस्तीला जातोय. डॉक्टर म्हणाले स्वरतंतूंवर गाठी आहेत, गाऊन गाऊन आलेल्या, शस्त्रक्रियेची घाई नको, सहा आठवडे मौन पाळा. कुजबुजसुद्धा नको, कुजबुजण्यानेही गळ्याला ताण बसतो. येताना मी बाजारात पाटी-पेन्सिल घेतली. बुवांनी तिच्यावर पहिलं काय लिहिलं? घाटात चहाला थांबलो तेव्हा ‘साखर कमी’.

पण मे महिना तोंडावर आणि वहीत अकरा तारखा. गळ्याची बातमी आपल्या धंद्यात एसटीच्या आधी पोचते. सकाळी कणकवलीत ‘आवाज बसलाय’ म्हटलं की संध्याकाळी सावंतवाडीत ‘बुवांचा गळा गेला’ होतं, आणि पुढच्या वर्षीच्या सुपाऱ्या दुसऱ्याकडे. मला वाटलं मी शहाणपणा करतोय. देवगडकडच्या एका मंडळाला फोन करून सांगितलं, बुवांच्या घरात सुतक आलंय, आत्या गेली, भजन होणार नाही. सुतकापुढे कोण बोलणार! मंडळाने बयाणासुद्धा परत मागितला नाही.

तिसऱ्या दिवशी चार माणसं रिक्षा करून दुखवट्याला आली. दार उघडलं ते आत्यानेच. हातात विळीवर चिरत असलेला फणस, बोटांना तेल. “कोण व्हयो तुमका?” ते एकमेकांकडे बघतायत, ही त्यांच्याकडे बघतेय. मी मागच्या पडवीत होतो, मला तिथूनच सगळं दिसत होतं आणि पळायला जागा नव्हती. बुवा आत पलंगावर. त्यांना हसायचीही बंदी, म्हणून ते तोंडात टॉवेलचा बोळा घालून थरथरत होते. मग पाटी ओढून त्यांनी लिहिलं आणि मला दाखवलं: ‘तेराव्याचा जेवाण तूच घाल.’

मी त्या चौघांना ओटीवर बसवून खरं काय ते सांगितलं आणि हात जोडले. त्यांनी ते पोटात ठेवलं. पुढल्या वर्षी त्याच मंडळाने पहिली तारीख दिली. बुवांचा आवाज परत आला, पूर्वीचा नाही, अर्धी पट्टी खाली, पण आला. आत्या त्यानंतर नऊ वर्षं जगली आणि मी गेलो की कप पुढे करून म्हणायची, “घे, मेलेल्या आतेच्या हातची चाय.”

तेव्हापासून माझा रिवाज असा की बुवांची गोष्ट सांगायची नसेल तर सांगायची नाही, पण तिच्या जागी दुसरी गोष्ट रचायची नाही. ‘बुवांना जमत नाही, बयाणा परत पाठवतो.’ पुढे कोणी खोदलं तरी तेच वाक्य. लोक दोनदा विचारतात, तिसऱ्यांदा विचारत नाहीत.

पैशाच्या बाबतीत मात्र मी बुवांच्या घरात पडलो आणि त्याचा पस्तावा नाही. बुवांचा हात सैल. बाहेर पडले की कोणाच्या मुलीच्या लग्नाला, कोणाच्या देवळाच्या कौलांना. वैनी काही बोलायच्या नाहीत. मी त्यांच्या चार वाट्यांतला अर्धा वाटा दर कार्यक्रमाला बाजूला काढून वैनींच्या नावाने पोस्टात भरायला लागलो. पासबुक माझ्याकडे. बुवांना कळलं होतं की नाही? सात वर्षांनी धाकट्याच्या कॉलेजची फी भरायची वेळ आली तेव्हा त्यांनी मला विचारलं, “पोस्टात किती आसत?” म्हणजे पहिल्यापासून ठाऊक होतं.

जमिनीत पडलो त्याचा पस्तावा आहे. सामायिक सातबारा, दोन भाऊ, आंब्याची 14 कलमं. बुवा म्हणाले तू मधे बोल, तुझं तो ऐकतो. मी बोललो. भावाने ऐकून घेतलं, चहा दिला, आणि त्या दिवसापासून आजतागायत तो माझ्याशी बोलत नाही. बुवांशी बोलतो! भाऊ भाऊ एक झाले आणि मी परका राहिलो. तेव्हा गळा तुमचा, हिशेब तुमचा, पोटात ठेवायचं ते तुमचं. कलमं त्यांची.

दारूचंही विचारलं असतंत तर सांगितलं असतं. आमचे बुवा घेत नसत. तुमचे घेत असतील तर पहिल्याच भेटीत ठरवा, बारी संपेपर्यंत नाही. ते चिडतील. पण त्यांचं ‘नाही’ म्हणायला तुम्हाला ठेवतायत ना, मग ते त्यांनाही लागू.

एक शेवटचं. कार्यक्रमपत्रिका, हँडबिलं, पेपरातली कात्रणं फेकू नका. राज्य सरकारचं ज्येष्ठ कलावंतांना मानधन आहे, आता महिना 5000 रुपये, वयाची 50 वर्षं आणि कलेत किमान 15 वर्षं लागतात, आणि ती 15 वर्षं कागदावर दाखवावी लागतात. बुवांचा अर्ज सहज झाला, त्यांचं नाव प्रत्येक कागदावर होतं. पखवाजवाल्याचा अर्ज भरायला बसलो तेव्हा माझ्या पेटाऱ्यात 300 हँडबिलं निघाली आणि एकावरही त्याचं नाव नव्हतं. ‘आणि सहकारी’ असं छापलेलं. 28 वर्षं तीच कणीक, तोच अंगठा, आणि ‘सहकारी’. शेवटी माझ्या वह्या काढल्या. प्रत्येक पानावर कोण कोण होतं, कोणाला किती वाटे गेले, लिहिलेलं होतं, त्याची सही होती. 14 वह्यांतली दीडशे पानं झेरॉक्स करून जोडली. दुकानदार म्हणाला, एवढं काय छापताय, लग्नपत्रिका काय? तुम्ही पहिलं हँडबिल छापायला द्याल तेव्हा वादकांची नावं पूर्ण घाला, गावासकट.